दरियामुराद बुडालं त्या दिवशी

कनेरगाव नाक्यावर, हिंगोली-वाशिम रस्त्याला लागून माझं सुतारकामाचं दुकान आहे. दारं, चौकटी, दिवाण, देवघरं, जे सांगाल ते करून देतो. समोरच्या ढाब्यावर ट्रकवाले थांबतात, चहाचा ग्लास घेऊन इकडे येतात आणि फळ्यांच्या ढिगावर बसतात. त्यांच्यातल्या एखाद्याला ढाबेवाल्यानं आधीच सांगून ठेवलेलं असतं.

"मिस्त्री, तुमी जहाजावर होते म्हणतात. खरं हाय का?"

"व्हय."

"हिंगोलीचा माणूस जहाजावर काहून गेला?"

विचारणं बराबर आहे. आमच्याकडे पाणी म्हणजे पावसाळ्यातली कयाधू. समुद्र गाठायचा तर कोणत्याही दिशेनं निघा, अंग आंबून जातं. मग मी त्यांना थोडंफार सांगतो. पण "मंग ते जहाज बुडालं कसं?" असं कुणी विचारलं की मी रंधा मारायला घेतो. त्या आवाजात बोलणं होत नाही.

यंदा हिंगोलीचे एक मास्तर दार करून घ्यायला आले. ते दिवाळी अंक काढतात. म्हणाले, "सत्तारभाई, तोंडानं सांगत न्हाई तर लिहून द्या." म्हणून लिहायला बसलो. घरी आम्ही दखनी बोलतो. जहाजावर कच्छी आणि हिंदीची खिचडी चालायची. पण माझी शाळा मराठीत झाली, तेव्हा इथे सगळे माझ्याच बोलीत बोलतील.

आमचं घर जवळा बाजारचं. वडील बैलगाड्या करायचे. चाकाला बाभूळ लागते, आणि बाभूळ म्हणजे हट्टी लाकूड. वडील बांधावरचं झाड बघत उभे राहायचे आणि म्हणायचे, "या फांदीत चाक हाय, त्या फांदीत न्हाई." मी त्यांच्या हाताखाली हेच शिकलो. माझं शिकणं संपायला आणि गाड्यांचं गिऱ्हाईक संपायला एकच गाठ पडली. लोखंडी गाडे आले, ट्रॅक्टर आले. आमच्या ओट्यावर पडलेली चाकं लोक हॉटेलात शोभेला लावायला मागू लागले.

माझा मामेभाऊ तेव्हा ट्रक घेऊन कच्छला जायचा. एकदा येऊन म्हणाला, "मांडवीत नदीच्या काठावर लाकडाची जहाजं करून राहिले. बरगड्या समद्या बाभळीच्या. तिथं तुझ्यासारखा माणूस लागतो." बघून येतो म्हणून गेलो तो तिकडचाच झालो.

लोकांना वाटतं, लाकडाची जहाजं आता कुठे असतात. असतात. मांडवीला आजही बांधतात. आधी तळाला लांबच लांब कणा ठेवतात, त्यावर दोन्ही बाजूंनी बरगड्या उभ्या करतात, आणि बरगड्यांवर फळ्या चढवतात. बरगडीसाठी लाकूड वाकवत नाहीत, वाकडं वाढलेलंच शोधतात. सरळ लाकडाला तिथे किंमत नाही, हे पाहून मला मोठी मौज वाटली. दोन फळ्यांमधल्या फटीत तेलात भिजवलेला कापूस हातोडीनं ठोकून बसवतात. पाण्यात गेल्यावर लाकूड फुगतं, कापूस आवळला जातो आणि फट बंद होते. लहानपणी जवळा बाजारात कापसाच्या गाड्यांवर लोळलो होतो. त्या कापसावर एखादं जहाज तरंगत असेल हे कुणी सांगितलं असतं तर खोटं वाटलं असतं.

मी ज्याच्यावर कणा ठेवल्यापासून काम केलं ते जहाज म्हणजे 'दरियामुराद'. त्याचे नाखवा, म्हणजे कप्तान, इशाकभाई. बांधकाम चालू असताना ते रोज यायचे, हात पाठीमागे बांधून एक चक्कर मारायचे आणि काही न बोलता जायचे. जहाज भरतीच्या पाण्यात उतरलं त्या दिवशी पहिल्यांदा माझ्याजवळ येऊन बोलले.

"मिस्त्री, लेकराला जन्म देऊन पळून जाऊ नये. जहाजावर चल."

मी घरी येऊन बायकोला सांगितलं. नसीम भाकरी थापत होती.

"तुमाला पोहता येतं का?" तिनं विचारलं.

"न्हाई."

"मंग?"

"जहाजाला येतं ना."

ती हसली नाही. पण जाऊ दिलं.

त्यानंतर वर्षानुवर्षं मी दरियामुरादवर सुतार म्हणून फिरलो. जहाजाला इंजिन होतं आणि शीडही होतं. इंजिन रोजच्या कामाला, शीड वारा मागून असला तर डिझेल वाचवायला. पावसाळ्याचे महिने आमची बंदरं बंद. बाकी वर्षभर आखातातून तांदूळ, साखर, जुन्या मोटारी भरायच्या आणि सोमालियाच्या बंदरांत उतरवायच्या. मोठी लोखंडी जहाजं ज्या उथळ बंदरात शिरत नाहीत तिथे आम्ही. येताना लोबान, सुकं लिंबू, जनावरं.

माझं काम रोज सकाळी तळाशी उतरून पाणी बघायचं. लाकडी जहाजात पाणी झिरपतंच. ते रोजच्याइतकं आहे का, हे बघायचं आणि पंपानं बाहेर टाकायचं. पाणी जास्त वाटलं तर कान लावून फट शोधायची. कंदील विझवून, श्वास धरून ऐकायचं. कधी भर समुद्रात, साखरेच्या पोत्यांच्या थप्पीमागे पालथं पडून कापूस ठोकलाय. वर आलो की इशाकभाई फक्त भुवई उडवायचे, मी मान हलवायचो. झालं.

गिऱ्हाइकं एकेक भेटली. सोमालियाकडच्या बर्बेरा बंदरातल्या एका व्यापाऱ्यानं बापाचा नक्षीदार पलंग आमच्याकडे दिला. चार माणसांना उचलत नव्हता. निघेपर्यंत तो रोज येऊन बघायचा आणि बजावायचा, "यावर माझा बाप वारला. कुणी झोपायचं न्हाई." आमचे इंजिन सांभाळणारे कासम ड्रायव्हर मान डोलवायचे. बंदर सुटल्यावर पहिल्याच दुपारी कासम त्या पलंगावर घोरत होते. मी हटकलं तर म्हणाले, "मालकानं बापाचं सांगितलं, माझं नाव कुठं घेतलं?"

आणि दाऊदकाका. जहाजावर स्वयंपाक करणाऱ्याला भंडारी म्हणतात. काका वयानं आमच्यात सगळ्यात मोठे, बुटके, तोंडानं फटकळ. वाळूच्या पेटीत चूल, वरून जहाज डोलतंय, आणि ते एका हातानं पातेलं धरून दुसऱ्यानं रोट्या टाकताहेत. नवा माणूस आला की पहिलं विचारायचे, "तुमच्याकडं काय खातात?" मी ज्वारीची भाकरी सांगितली. सोमालियात ज्वारी मिळते. काकांनी पीठ आणलं आणि भाकरी केली. ती इतकी जाड झाली की कासमनं ती डेकवरच्या मोटारीच्या चाकाखाली लावायला मागितली. काका दोन दिवस कुणाशी बोलले नाहीत. तिसऱ्या दिवशी माझ्यापुढे परात सरकवली. "दाखव."

आता ते लिहितो, जे दुकानात सांगत नाही.

मे महिना सरत आला होता. पावसाळ्याआधीचा तो शेवटचा फेरा. बकरी ईद जवळ आली होती, त्यामुळे पलीकडच्या अरबी बंदरात बकऱ्यांना मागणी होती. बर्बेऱ्यात जहाजाच्या पोटात बकऱ्या भरल्या, वर डेकवर भरल्या, त्यांच्या चाऱ्याच्या पेंढ्या मिळेल तिथे कोंबल्या. मी इशाकभाईंना म्हणालो, "वर वजन जास्त झालं." त्यांनाही दिसत होतं. त्यांनी आभाळाकडे पाहिलं, फेरा ठरवलेल्या व्यापाऱ्याकडे पाहिलं. "जवळचा फेरा हाय," म्हणाले.

बकऱ्यांबरोबर त्यांचा राखणदार होता. फराह नाव. उंच, वाळका माणूस, बंदरात राहून राहून हिंदी शिकलेला. बकऱ्या एका मालकाच्या नव्हत्या. त्याच्या खोऱ्यातल्या घराघरांनी आपापल्या त्याच्या स्वाधीन केल्या होत्या. पाणी पाजायच्या वेळी तो टाकीजवळ उभा राहून जीभ टाळूला लावून एक आवाज काढायचा आणि मग लांब हेल काढून हाक मारायचा. डेकवरच्या सगळ्या बकऱ्यांचे कान त्याच्याकडे वळायचे.

निघाल्यावर दुसऱ्या दिवशी सकाळी वारा उठला. लाटा आडव्या येऊ लागल्या. मी नेहमीप्रमाणे खाली उतरलो आणि पायरीवरच थांबलो. पाणी तळाच्या फळ्यांवर आलं होतं. त्यावर चारा आणि लेंड्यांचा जाड थर तरंगत होता. पंप चालू होता, पण पाणी ओढत नव्हता. त्याच्या तोंडाची जाळी चाऱ्यानं गच्च झाली होती.

मी आणि कासम पाण्यात उतरलो. एकानं बुडी मारायची, जाळीवरचा चारा ओरबाडायचा आणि वर यायचं. तोवर दुसऱ्यानं उतरायचं. पंप थोडं पाणी ओढायचा की पुन्हा चारा येऊन चिकटायचा. वासानं डोकं फिरत होतं. पाणी आमच्या मांडीवरून कमरेला आलं. मग ते इंजिनच्या मोठ्या चाकाला लागलं आणि त्या चाकानं ते सगळीकडे उडवायला सुरुवात केली. कासम इंजिनशी बोलत होते, "राहा रे, थोडं राहा." इंजिन खोकलं, पुन्हा खोकलं आणि बंद पडलं.

इतकी वर्षं तो आवाज कानात होता. तो थांबला तेव्हा आम्हाला पहिल्यांदा बकऱ्यांचं ओरडणं ऐकू आलं. वरून, खालून, सगळीकडून.

इंजिन नाही म्हणजे जहाजाला तोंड फिरवता येत नाही. ते लाटांना आडवं पडतं आणि लाटा त्याला कुशीवर मारतात. इशाकभाईंनी शीड चढवायला सांगितलं. आम्ही सगळे दोराला लागलो. शीड अर्धं चढलं, वारा भरला, जहाजाचं तोंड थोडं वळलं. तेवढ्यात एक मोठी लाट आली आणि डेकवरच्या बकऱ्या एकदम एका बाजूला घसरल्या. एकीवर एक, तिच्यावर एक. जहाज त्या बाजूला कललं ते परत सरळ होईना. मी ज्या फळीवर उभा होतो तिचा उतार झाला होता. खालच्या कठड्याला पाणी लागत होतं.

इशाकभाई सुकाणूजवळ दोराला धरून उभे होते. ओरडले नाहीत. नुसतं म्हणाले, "मिस्त्री, वरचं वजन गेलं पाहिजे. कठडा तोड."

मी कुऱ्हाड घेऊन घसरत खाली गेलो. कठड्यापुढे फराह उभा होता. दोन्ही हात पसरून.

"या माझ्या न्हाईत," तो म्हणाला. "मी काय सांगू तिकडं? एका बाईची एकच बकरी हाय यात. एकच."

मी थांबलो. कुऱ्हाड तशीच हातात. इशाकभाई सुकाणू खलाशाकडे देऊन खाली आले. गुडघ्यावर, हातावर, उतरत उतरत.

"फराह," ते म्हणाले, "बकऱ्या जाणार. त्या जहाजासंगं जाणार का आधी जाणार, एवढंच आपल्या हातात हाय. आधी गेल्या तर तू तिकडं जाऊन सांगशील तरी."

फराह बराच वेळ बघत राहिला. की मला तो बराच वाटला, कोण जाणे. मग बाजूला झाला.

कठड्याचे खांब बाभळीचे होते. मीच निवडलेले, मीच तासलेले, बोल्ट मीच मारलेले. पहिला घाव घातला तेव्हा कुऱ्हाड उडून परत आली. माझ्या आयुष्यात मी कुठल्याही लाकडाला शिव्या दिल्या नव्हत्या. त्या दिवशी दिल्या. घावामागून घाव घालत होतो आणि मनात कुठेतरी हेही वाटत होतं की लाकूड चांगलं निवडलं होतं. शेवटी खांब मोडले, लाटेनं मधला भाग ओढून नेला, आणि जहाजाच्या कडेला बैलगाडी जाईल एवढं भगदाड पडलं.

पण बकऱ्या जाईनात. पाणी बघून त्या मागे हटत होत्या, उताराला उलट्या चढत होत्या. आम्ही ढकलायचो, एक जायची, दहा आमच्या पायांतून परत वर. जहाज आणखी कललं. एक खलाशी रडायला लागला.

तेव्हा फराहनं कमरेला दोर बांधला आणि त्याचं टोक माझ्या हातात दिलं. भगदाडाच्या कडेला जाऊन तो उभा राहिला. डोळे मिटले. आणि त्यानं तो आवाज काढला, पाण्यावर बोलवायचा. मग ती लांब हाक.

सगळे कान वळले. ओरडणं थांबलं. बकऱ्या उतारानं खाली यायला लागल्या, त्याच्या अंगाला घासून, त्याच्या बाजूनं, बाहेर. तो हाक मारत राहिला. आवाज फाटला तरी मारत राहिला. मी दोर हाताला गुंडाळून, पाय खांबाच्या बुंध्याला लावून बसलो होतो. त्याचं सगळं अंग थरथरत होतं आणि ते मला दोरातून कळत होतं.

जहाज हळूहळू सरळ झालं.

त्या सरळ होण्यानं आम्हाला तो दिवस मिळाला. शिडानं तोंड धरलं. इशाकभाई रेडिओवर हाका मारत होते. शेवटी एका मोठ्या मालवाहू जहाजानं उत्तर दिलं. ते लांब होतं, पण वळून आमच्याकडे निघालं होतं. मी पुन्हा खाली उतरलो. पोटातल्या बकऱ्या वर काढणं शक्य नव्हतं, त्या जहाजासंगंच जाणार होत्या. आडव्या माराने पोटातल्या फळ्या ढिल्या झाल्या होत्या आणि फटीतला कापूस सुटून पाण्यात लोंबत होता. घोंगड्या, गोधड्या, अंगावरचा सदरा, जे सापडलं ते कोंबलं, वरून फळी ठोकली, तिला टेकू दिला. एक फट धरली की पलीकडची बोलायला लागायची. बरगड्या कुरकुरत होत्या. त्या आवाजाचा अर्थ मला कळत होता आणि कळला नसता तर बरं झालं असतं.

वर येऊन इशाकभाईंना सांगितलं, "दिवस बुडायच्या आधी जाईल."

त्यांनी मान हलवली. इतकी वर्षं मी मान हलवायचो, त्या दिवशी त्यांनी.

दुपार कलली तेव्हा आम्ही रबरी तराफ्यात उतरलो. इशाकभाई सगळ्यांत शेवटी. तराफा दोराएवढा लांब गेला आणि दरियामुरादचा मागचा भाग खाली बसायला लागला. मला वाटलं होतं काहीतरी मोठा आवाज होईल. झाला नाही. मागून पाणी चढत गेलं, डोलकाठी मागे झुकली, ओलं शीड पाण्यावर पसरलं आणि थोडा वेळ तिथेच राहिलं. मग तेही ओढलं गेलं. नाळ, म्हणजे जहाजाचं पुढचं टोक, तेवढं वर होतं. त्याच्यावरची वेलबुट्टी मी कोरली होती. मी तिच्याकडेच बघत होतो, आणि एका लाटेनंतर ती नव्हती. इशाकभाई पाठ करून बसले होते. त्यांनी विचारलं, "गेलं?" कासम म्हणाले, "गेलं." 

मोठं जहाज आलं ते भिंतीसारखं. वाऱ्याच्या बाजूनं आडवं उभं राहून त्यानं आमच्यासाठी पाणी जरा शांत केलं आणि वरून दोराची शिडी सोडली. आम्हाला वाटलं, वाचलो. खरा धोका तिथेच होता. तराफा लाटेबरोबर घराएवढा वर जायचा आणि घराएवढा खाली यायचा. वर असताना शिडी धरायची आणि लगेच चढायचं. उशीर झाला तर तराफा खालून येऊन आपटायचा.

एकेक जण गेला. फराह गेला. माझी पाळी आली तेव्हा मी दाऊदकाकांना म्हणालो, "काका, तुमी आधी."

"भंडारी कधी आधी जेवतो का?" ते खेकसले. "चढ."

मी चढलो. वरच्या लोकांनी मला आत ओढलं. वळून खाली पाहिलं. तराफ्यात काका आणि इशाकभाई दोघंच. इशाकभाईंनी काकांना पुढे ढकललं. काकांनी शिडी धरली. दोन्ही हातांनी नीट धरली, मी पाहिलं. पण पाय पायरीवर यायच्या आत तराफा खाली गेला, काका लोंबकळले, आणि पुढच्या लाटेनं तराफा वर आणून त्यांच्यावर आपटला. काकांना हात द्यायला वरून परत शिडीच्या मध्यापर्यंत उतरलेला फराह उलटा वाकला. त्याचा हात काकांच्या मनगटाला लागलाही होता. पाणी परत खाली गेलं तेव्हा शिडी रिकामी होती.

अंधार पडेपर्यंत ते जहाज तिथे गोल फिरत राहिलं. काका सापडले नाहीत.

इकडे जवळा बाजारला काय झालं ते मला नंतर कळलं. मांडवीहून कुणीतरी माझ्या भावाला फोन केला होता. दरियामुराद गेलं, एक माणूस गेला, बाकीचे वाचले. कोण गेलं ते फोन करणाऱ्याला माहीत नव्हतं. आठवडी बाजाराचा दिवस होता. बाजारातून लोक पिशव्या घेऊन सरळ आमच्या दारात येऊन बसले. शेजारची पाटलीणबाई नसीमचा हात धरून होती. भाऊ मांडवीला फोन लावत होता आणि लागत नव्हता.

मला दुसऱ्या दिवशी त्या जहाजावरून फोन करायला मिळाला. नसीमनं उचलला. मी म्हणालो, "मी हाय."  मागे बायकांचा गलका ऐकू येत होता. मग तिनं विचारलं, "कोण गेलं?"

"दाऊदकाका."

तेव्हा ती रडायला लागली.

बंदराला लागल्यावर फराह आमच्यातून वेगळा झाला. त्याला परत जाऊन एकेका घरी सांगायचं होतं. निघताना त्यानं माझे दोन्ही हात हातात घेतले, पण आवाज त्याचा गेला होता. तो काय म्हणाला ते मला कळलं नाही. इशाकभाई पुन्हा समुद्रावर गेले नाहीत. मीही नाही. मी कनेरगाव नाक्यावर दुकान टाकलं. इथलं लाकूड सरळ असतं, काम सोपं आहे.

घरी आल्यावर बरेच दिवस गेले. एकदा जेवताना नसीम म्हणाली, "मला मांडवीला न्या. काकांच्या बायकोला भेटायचं."

"तू काहून? मी जातो."

"त्या दिवशी तुमचा फोन येईपर्यंत मी एकच दुवा मागून राहिले होते. गेलेला माणूस दुसरा कोणी तरी असावा. कोणीबी असावा, पण दुसरा." ताटातलं ती नुसतं चिवडत होती. "मंग तो त्या बाईचाच माणूस निघाला ना. मला तिच्यापुढं जायलाच लागंल."

काकूंची इद्दत, म्हणजे नवरा गेल्यावर बाईनं घरात बसायचे चार महिने दहा दिवस, संपल्यावर आम्ही गेलो. अकोल्याहून गुजरातची रेल्वे, पुढे बस. नसीम जिल्ह्याबाहेर फारशी गेलेली नव्हती. मांडवीत उतरल्यावर समुद्र दिसला. तिनं त्याच्याकडे एकदा पाहिलं आणि पदर सारखा करून पुढे चालू लागली.

काकूंचं घर दोन खोल्यांचं. बुटक्या, गोऱ्या, काकांसारख्याच तुटक बोलणाऱ्या. आम्हाला अंगणात खाटेवर बसवलं. जहाज कसं बुडालं हे त्यांनी विचारलं नाही. शिडीचंही नाही. ते इशाकभाईंनी येऊन सांगितलं असावं. त्या माझ्याकडे बघत राहिल्या आणि मग म्हणाल्या, "त्या दिवशी काय शिजवलं होतं?"

हे मी कुणालाच सांगितलेलं नव्हतं, कारण कुणी विचारलंच नव्हतं. बकऱ्या गेल्यावर, जहाज सरळ झाल्यावर, आम्ही सगळे खाली फटी बुजवत असताना काकांनी चूल पेटवली होती. वाळू भिजली होती, लाकडं भिजली होती. कशी पेटवली कुणास ठाऊक. तांदूळ, मसूर आणि होते नव्हते ते सगळे कांदे. जहाज गदागदा हलतंय आणि हा माणूस पातेलं पोटाशी धरून एकेकापाशी येतोय, तळहातावर खिचडी ठेवतोय, खाईपर्यंत हलत नाहीये. मी कमरेएवढ्या पाण्यात उभा होतो. मला म्हणाले, "तोंड उघड, तुझे हात घाण झालेत." आणि घास भरवला.

मी सगळं सांगितलं. काकू ऐकत होत्या.

"उरली होती का?"

"न्हाई, काकू. पातेलं पुसून खाल्लं."

त्यांनी मान हलवली.  मग नसीम एकदम खाटेवरून उठून खाली त्यांच्या पायाशी बसली आणि तिनं सांगून टाकलं. फोनचं, बायकांचं, आपल्या दुव्याचं. शब्द नीट येत नव्हते. मला वाटलं, काकूंना तिची बोली समजत नसेल. मी मध्ये बोलायला गेलो, पण काकूंनी हातानं मला थांबवलं.

"इथं बी तसाच फोन आला होता, बेटी," त्या म्हणाल्या. "एक गेला म्हणून. मी बी हेच मागत होते. दुसरा कोणी असावा."

नसीमनं वर पाहिलं.

"मला तर तुझ्या नवऱ्याचं नाव बी माहीत होतं," काकू म्हणाल्या. त्यांनी नसीमला उठवून आपल्याजवळ बसवलं आणि आमच्या परतीच्या बसची वेळ होईपर्यंत तिचा हात सोडला नाही.